फेटर-वालेका घ्यावं का? एमएस्सीवाल्यांसाठी

ताळगाव पठारावर, म्हणजे गोवा विद्यापीठात, फिजिक्समध्ये एमएस्सी करणाऱ्या ज्युनियर्सचा दरवर्षीचा प्रश्न, म्हणून एकदाच लिहितो. फेटर आणि वालेका यांचं मेनी-पार्टिकल सिस्टिम्सवालं (म्हणजे असंख्य कण एकत्र असतानाच्या क्वांटम थिअरीचं) पुस्तक मूळ १९७१ चं, पण डोव्हरची पेपरबॅक आवृत्ती मिळते आणि त्यामानाने स्वस्त पडते. पहिल्याच चॅप्टरमध्ये सेकंड क्वांटायझेशन (असे अनेक कण एकदम हाताळायची गणिती भाषा), लगेच उदाहरण म्हणून इलेक्ट्रॉन गॅस, आणि इथे खरी मजा आहे कारण गणित मधेच गिळलेलं नाही, वही घेऊन बसलात तर प्रत्येक ओळ आपली आपल्याला काढता येते. पुढे ग्रीन्स फंक्शन्स (कण सिस्टिममधून कसा पुढे जातो ते सांगणारी फंक्शन्स) आधी शून्य तापमानाला, मग शून्याच्या वरच्या तापमानाला, त्यामुळे तेच तेच वाटतं खरं, पण डोक्यात पक्कं बसतं.

नुसतं ग्रिफिथ्सचं क्वांटम मेकॅनिक्सचं सुरुवातीचं पुस्तक करून थेट यात उडी मारू नका रे, आधी साकुराईचं त्यापुढचं पुस्तक तरी करा. फाइनमन डायग्राम (कणांमधल्या क्रियांची गणितं दाखवणाऱ्या रेघांच्या आकृत्या) बघून घाम फुटत असेल तर मॅटकचं पुस्तक जोडीला ठेवा, क्वासीपार्टिकल (आजूबाजूच्या कणांचं वेढण घेऊन फिरणारा कण) समजवायला त्याने चक्क धुळीने वेढलेला घोडा काढलाय! टोपोलॉजिकल मटेरियल्स वगैरे नवीन विषय हवे असतील तर मात्र हे पुस्तक कामाचं नाही.

आणि पावसात कपाटात ठेवू नका, बुरशी येते.