काळ जोरात चालवणारं यंत्र: सहा महिने वापरल्यावर काय वाटतं

बरेच जण विचारतायत घ्यावं का म्हणून, तर मी सहा महिने रोज वापरतेय, जरा सविस्तरच लिहिते. चार स्टार दिलेत. पाचवा का कापला ते खाली येईलच.

दिसायला टेबललॅम्पएवढं, वर एक गोल चकती. चालू केलं की भोवती एक खुर्ची आणि छोटं टेबल मावेल एवढा घुमट होतो आणि त्याच्या आत काळ बाहेरच्यापेक्षा जोरात जातो. चकती सव्वावर ठेवली की बाहेर चार तास होतात तोवर आत पाच झालेले असतात. नोकरी आणि आईचं आजारपण यात मी इतकी पिचले होते की रोजचा एक तास जास्त मिळणार एवढं वाचूनच ऑर्डर केलं. आणि तास मिळतो, अगदी खरोखर मिळतो, त्याबद्दल काहीच तक्रार नाही.

पण तो तास कसा असतो ते कुणी सांगत नाही म्हणून लिहितेय. बाहेरून आत येणाऱ्या प्रत्येक गोष्टीची कंपनं मंदावतात, प्रकाशाचीसुद्धा, म्हणजे त्याच्या लहरी ताणल्या जातात. खोलीतला निळा पडदा मला आतून पिवळट हिरवा दिसतो, कुंडीतली पानं लालसर आणि आईची लाल शाल चक्क काळी. चकती दोनवर नेली तर बाहेर मिट्ट अंधार, सगळा प्रकाश डोळ्यांना दिसण्याच्या पलीकडे गेलेला असतो, तेव्हा आत स्वतःचा दिवा पाहिजेच.

आणि थंडी!! हे मला आधी कळलंच नव्हतं. बाहेरून येणारी ऊबही तशीच ताणली जाते. खोलीत २७ अंश असेल तर ते केल्विनमध्ये (म्हणजे २७३ मिळवून) ३००, त्याला सव्वाने भागलं की २४०, म्हणजे शून्याखाली ३३ अंश. आतली हवा लगेच तेवढी गार होत नाही, पण भिंतींकडून येणारी ऊब आटते आणि अर्ध्या तासात टाइप करणारी बोटं आखडतात. स्वेटर, मोजे आणि पायाशी हीटर, याशिवाय बसू नका.

आता पाचवा स्टार. चकती एकच्या खालीही फिरते, म्हणजे आत काळ संथ. तिथे उलटं होतं, बाहेरची ऊब तीव्र होऊन आत येते. अर्ध्यावर ३०० केल्विनचे ६०० होतात, म्हणजे ३२७ अंश, माणूस भाजून निघेल. एकदा बंद करताना बाही अडकून चकती ०.९ वर गेली आणि भट्टीचं दार उघडावं तशी चारी बाजूंनी धग आली, हिशोब केला तर ती ६० अंशांची होती. तिथे साधं लॉक का नाही? कंपनीला तीन मेल केले, उत्तर एकच, मॅन्युअल वाचा. लहान मुलं असलेल्या घरात हे आणूच नका, मी अगदी कळकळीने सांगतेय.

काहींना हे थोतांड वाटतं, पण काळ सगळीकडे सारखा चालतच नाही हो. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी सिझियमची अतिअचूक आण्विक घड्याळं विमानातून जगाभोवती फिरवून आणली तेव्हा जमिनीवरच्या घड्याळांशी नॅनोसेकंदांचा फरक पडला होता, आणि जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं दिवसाला साधारण ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, ते धरावंच लागतं. इथे फरक मायक्रोसेकंदांचा नाही, तासांचा आहे, एवढंच.

बाकी बारीकसारीक: आत फोनला रेंज नाही, वायफाय नाही, फाइल्स आधीच डाउनलोड करा. बाहेर आल्यावर फोन वेळ आपोआप सुधारतो, मनगटावरचं घड्याळ हाताने मागे घ्यावं लागतं. शरीराचा दिवस २५ तासांचा होतो त्यामुळे रात्री लवकर डोळे मिटतात. आणि मिळालेले तास आपल्याच वयातून जातात, सहा महिन्यांत माझे १८० झाले, म्हणजे साडेसात दिवस.

एका रात्री काम तुंबलं म्हणून दोनवर ठेवलं होतं. बाहेरून जाड, घोगरा, लांबत जाणारा आवाज यायला लागला, मला वाटलं शेजारी टीव्ही चालू असेल, मी आपली काम करत राहिले. बंद करून बाहेर आले तर आई कॉटच्या कडेला धरून बसलेली, मला हाका मारून मारून दमलेली. दोनवर आवाज पूर्ण एक सप्तक खाली उतरतो आणि मला माझ्याच आईचा आवाज ओळखू आला नव्हता.

तेव्हापासून सव्वाच्या वर जातच नाही. खुर्ची तिच्या कॉटकडे तोंड करून ठेवलीय आणि तिच्या उशाशी छोटा टॉर्च. तिचा पांढरा टॉर्च मला आत नारिंगी दिसतो, तो दिसला की चकती आधी एकवर.