मराठी वाचून दाखवणारे ॲप : आवाज स्पष्ट, उच्चार मात्र हिंदी वळणाचे

आईची दृष्टी अधू झाल्यापासून तिला रोजचे वर्तमानपत्र ऐकता यावे म्हणून मजकूर वाचून दाखवणाऱ्या एका ॲपची वर्षाची वर्गणी आम्ही भरली, त्याला आता चार महिने झाले. वाचनाचा वेग कमीजास्त करता येतो, आवाज स्वच्छ आहे, आणि ४९, ५९, ७९ हे आकडे ते 'एकोणपन्नास', 'एकोणसाठ', 'एकोणऐंशी' असे बिनचूक वाचते, याचे मला मनापासून कौतुक वाटते.

अडचण उच्चारांची आहे. पालखी सोहळ्याची बातमी लावली, तर पहिल्याच वाक्यात 'ग्यानेश्वर महाराज' ऐकू आले आणि आईने फोन बाजूला ठेवला. 'ज्ञ'चा उच्चार मराठीत 'द्न्य' होतो, हिंदीत 'ग्य'; आपण 'क्रुष्ण' म्हणतो, हिंदीत 'क्रिष्ण' म्हणतात. लिपी एक असली म्हणून उच्चारही एक असतील, असे कोणीतरी गृहीत धरलेले दिसते.

सर्वांत जास्त खटकतात ते च, ज आणि झ. या अक्षरांचे मराठीत दंततालव्य (जीभ वरच्या दातांमागे टेकवून केलेला) आणि तालव्य (जीभ टाळूला लावून केलेला) असे दोन उच्चार आहेत, पण लिहिताना तो भेद दिसत नाही. 'चार' माणसांतला च वेगळा आणि गुरांच्या 'चाऱ्या'तला वेगळा. 'चमचा' या एकाच शब्दात तर दोन्ही येतात. हे ॲप सगळीकडे 'चहा'तलाच च वापरते. वास्तविक 'माझा', 'त्याचा' यांत दंततालव्य आणि पुढे इकार, एकार किंवा य आला की 'माझी', 'त्याचे', 'माझ्या' यांत तालव्य, हा बदल इतका नियमित आहे की तेवढा तरी यंत्राला सहज शिकवता यावा. 'चार' आणि 'चारा' यांच्यासाठी मात्र उच्चार नोंदवलेला शब्दसंग्रहच लागेल.

मुलाखती तर ऐकवत नाहीत. 'असं', 'झालं' यांतला शेवटचा अनुस्वार ही अ लांबवण्याची खूण आहे, तिथे नाकात बोलायचे नसते; ॲप मात्र 'असम्', 'झालम्' असे वाचते, आणि बोलीभाषेतल्या मजकुरात असा शब्द जवळजवळ प्रत्येक वाक्यात येतो.

ही सर्व उदाहरणे मी कंपनीला लिहून पाठवली आहेत. कोणाला हे ॲप घ्यायचेच असेल, तर त्यांनी आमच्यासारखी वर्षाची वर्गणी एकदम न भरता महिन्याची भरावी आणि त्याआधी घरातल्या ऐकणाऱ्या माणसाला एखादी मुलाखत पूर्ण ऐकवून पाहावी.