ट्रोव्ह : सॅमी वूड्सचा माग काढायला कितपत उपयोगी?

ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचं ‘ट्रोव्ह’ हे जुन्या वर्तमानपत्रांचं भांडार मोफत आहे. वाचायला खातंही उघडावं लागत नाही. रत्नागिरी-सिंधुदुर्गात कुलवृत्तांत किंवा गावाचा इतिहास जुळवणाऱ्यांनी ते जरूर वापरावं. एका माणसाचा माग कागदोपत्री कसा काढायचा, याचा हात इथे चांगला बसतो.

त्यासाठी क्रिकेटपटू सॅमी वूड्ससारखा माणूस शोधून सापडणार नाही. जन्म १८६७, सिडनीतल्या ॲशफिल्डचा. पुढचं शिक्षण इंग्लंडात. केंब्रिजला जीझस कॉलेजात असतानाच १८८८ मध्ये ऑस्ट्रेलियाकडून तीन कसोट्या, पुढे इंग्लंडकडून तीन, शिवाय इंग्लंडकडून रग्बीचे १३ आंतरराष्ट्रीय सामने.

नुसतं ‘वूड्स’ टाकलंत तर लाकूडफाटा आणि जंगलंच हाती येतील. ‘सॅम वूड्स’ टाकलंत तर १८९२ नंतर त्याच नावाचे खाणकामगारांचे खासदार मध्ये घुसतात. म्हणून प्रगत शोधात ‘वूड्स’ आणि ‘केंब्रिज’ हे दोन्ही शब्द घाला. त्याच्या आद्याक्षरांवर (एस. एम. जे.) फार विसंबू नका: छापील मजकूर यंत्राने वाचलेला आहे, त्यात इंग्रजी एसचा आठ आणि जेचा आय सहज होतो. अशी चूक दिसली तर तिथेच दुरुस्त करता येते आणि पुढच्या माणसाचा शोध सोपा होतो. ही या सेवेची सगळ्यात मोलाची सोय.

तारखेत बहुतेकजण फसतात. तारेने आलेला निकाल एक-दोन दिवसांत छापला जाई, पण तो दोन-चार ओळींचा. सविस्तर वर्णन बोटीच्या टपालाने यायचं, त्याला साधारण सहा आठवडे लागत. मे महिन्यातला केंब्रिजचा सामना हवा असेल तर जुलैअखेरपर्यंतचे अंक चाळा. १८९० मध्ये केंब्रिजकडून खेळताना त्याने थॉर्नटन या इंग्लिश क्रिकेटपटूच्या संघाचे एका डावात दहाच्या दहा बळी घेतले, तो सामना शोधून बघा. धावफलक बऱ्याचदा ‘लेख’ या वर्गात नसतो. याद्या आणि निकालांचा वेगळा वर्ग आहे, तिथे बघा. आकडे वाचताना षटक किती चेंडूंचं हे ध्यानात असू द्या: इंग्लंडात १८८८ पर्यंत चार, १८८९ पासून पाच. नाहीतर गोलंदाजीची तुलना साफ चुकते.

रग्बीसाठी ‘फुटबॉल’ हा शब्दही घालावा लागतो, पण राज्य न्यू साउथ वेल्स निवडूनच. व्हिक्टोरियातल्या पत्रांत फुटबॉल म्हणजे त्यांचा स्वतःचा वेगळा खेळ. सिडनीचं ‘रेफरी’ हे खेळांचं साप्ताहिक आधी बघा, दैनिकं नंतर.

पावसाळ्यात आपल्याकडे नेट रडतखडत चालतं, तेव्हा अख्ख्या पानाचं चित्र उघडू नका. डावीकडचा मजकूर हलका असतो, तेवढाच वाचा. हवा तो लेख पीडीएफ करून ठेवा आणि फाइलच्या नावात पत्र, तारीख, पान लगेच लिहा.

१८९४ ते १९०६ तो इंग्लंडातल्या सॉमरसेट परगण्याच्या क्रिकेट संघाचा कर्णधार होता. त्या काळासाठी मात्र ट्रोव्ह अपुरं पडतं, कारण परगण्यातली रोजची बातमी सिडनीला कोण छापणार? तिथे इंग्लंडच्या जुन्या वर्तमानपत्रांच्या सशुल्क संग्रहाची वर्गणी भरावी लागते. केंब्रिजमधल्या प्रवेशाची नोंद विद्यापीठाच्या माजी विद्यार्थ्यांच्या यादीत मोफत बघता येते. वर्गणी भरण्याआधी ती उघडा.