गोंधळाच्या रेकॉर्डिंगला झूम एच१एन हा हातात मावणारा रेकॉर्डर पुरतो का?

पुरतो, पण ऑटो लेव्हल (आवाजाची पातळी यंत्राने आपोआप कमी-जास्त करणं) बंद ठेवलीत तर. संबळ कडाडत असतो, मग एकदम थांबतो आणि नाईक, म्हणजे मुख्य गोंधळी, आख्यान सांगू लागतो. ऑटो लेव्हल चालू असली की त्या शांततेत यंत्र आवाज वर ओढतं, पंख्याची घरघर भरून येते आणि संबळाची पुढची थाप फाटते. फाटलेली थाप नंतर नीट होत नाही. म्हणून आधी संबळवाल्यांना सर्वांत जोराची लय वाजवायला सांगा आणि मीटर उणे १२ डेसिबलच्या वर जाणार नाही अशी लेव्हल हाताने लावा.

जागा त्याहून महत्त्वाची. संबळ कमरेला बांधून उभ्याने वाजवतात, म्हणून रेकॉर्डर नाईकांच्या तोंडापासून दोन-तीन फुटांवर, छातीच्या उंचीला, किंचित वर वळवून लावा. तुणतुणं रेकॉर्डरच्या दुसऱ्या बाजूला, संबळापासून दूर हवं, नाहीतर ते ऐकूच येत नाही. यंत्र हातात धरू नका. प्लास्टिकच्या अंगावरून फिरणारं प्रत्येक बोट ऐकू येतं. स्टँड घ्या. माइकवर चढवायचा, वाऱ्याचा आवाज अडवणारा स्पंजही वेगळा घ्यावा लागतो.

रेकॉर्डिंगचा फॉरमॅट ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट वेव्ह ठेवा. तासाला साधारण १ जीबी जाते, त्यामुळे ३२ जीबीच्या कार्डात (त्याहून मोठं हे यंत्र घेत नाही) रात्रभराचा गोंधळ मावतो. एएए सेल दोन, संध्याकाळी नवे घाला. सेल-कार्ड पुण्याच्या बुधवार पेठेत मिळतात. कार्ड खरोखर तेवढं आहे ना, हे आधी पूर्ण भरून, परत वाचून तपासा.

एवढी उठाठेव कशाला? १८९१ साली ॲकवर्थ आणि शाळिग्राम या संग्राहकांनी गोंधळी गात ते पोवाडे छापले, शब्द टिकले. चाल आणि झीलकऱ्यांनी (मागून साथीला गाणाऱ्यांनी) ओळ नेमकी कुठे उचलली हे कागदावर उतरत नाही.

पुण्यातल्या मंगल कार्यालयात मात्र हे जमत नाही. दहानंतर स्पीकर बंद, म्हणून आख्यान तासाभरात उरकलेलं असतं, आणि हाती लागतो तो भोंग्याचा आवाज. बिदागी देऊन गोंधळ्यांच्या घरी वेगळी बैठक ठरवा. सुरुवातीलाच तारीख, गाव, गाणाऱ्यांची नावं, गोंधळ्यांच्या दोन पोटशाखांपैकी रेणुराई की कदमराई आणि कोणता भाग बाहेर द्यायचा नाही, हे त्यांच्याच तोंडून रेकॉर्ड करून घ्या.

नवीनच घेणार असाल तर झूमचाच एच१ इसेन्शियल बघा. त्यात ३२ बिट फ्लोट (अगदी बारीक ते अगदी मोठा आवाज न फाटता साठवणारा फॉरमॅट) असल्याने लेव्हलची कटकट नाही.