गुडघ्याचे पॅड (व्हॉलीबॉलवाले) : पडणाऱ्यांसाठी रिव्ह्यू, साडेतीन स्टार

हे पॅड खेळणाऱ्यांसाठी आहेत पण मी खेळत नाही, पडतो. धुळे-जळगावकडे अहिराणी गाण्यांचं शूटिंग चालतं ना, त्यात हिरोची एक लाथ बसली की चार जण मागे उडतात त्यातला एक मी, आणि मुंबईचं युनिट इकडे आलं तर मॉबमध्ये उभा पण राहतो.

आधी स्केटिंगवाले वापरायचो, प्लास्टिकच्या वाटीचे. सेफ असतात पण पॅन्टमधून टेंगूळ दिसतं, आणि कॅमेऱ्यात दिसलं की फाईट मास्टर ओरडणार, मग काढा आणि तसंच पडा. हे फोमचे पातळ आहेत, जीन्सखाली कळत पण नाहीत. लळिंग किल्ल्याकडे मुरमावर गुडघ्यावर पडायचं होतं, टेकवर टेक, कारण हिरोच्या गॉगलमध्ये लाईट मारत होता, तरी सालटं निघालं नाही. शेतातली काळी माती मऊ असते म्हणणाऱ्याने मे महिन्यात तडे गेलेल्या रानात एकदा पडून बघावं भो.

मुंबईत मोठ्या पिक्चरला उंचावरून पडायचं असलं की खाली रिकामी खोकी रचतात, वर गाद्या, केबल बांधतात, फायटर लोकांची असोसिएशन आहे. आपल्याकडे गादी म्हणजे कोणाच्या तरी घरून आणलेली आणि ती पण संध्याकाळी परत द्यायची, म्हणून पॅड स्वतःचे पाहिजेत. ऑस्करवाले आता २०२८ पासून स्टंटला अवॉर्ड देणार, आपल्या राष्ट्रीय पुरस्कारात २०१७ लाच सुरू झालं, पण तो मिळतो मास्टरला. आमचं नाव यूट्यूबवर गाण्याखाली पण नसतं, ड्रोनवाल्याचं असतं.

आता तोटे. घाम आला की घसरतात, पळायच्या शॉटमध्ये थेट पोटरीवर. एक साईज लहान घ्या, पण मग दिवसभर घालून बसू नका, जेवायच्या सुट्टीत काढा नाहीतर पाय सुन्न.

आणि कलर फक्त काळा, हे कंपनीने बघायला पाहिजे. आमच्यातली एक ताई हिरोईनची डुप्लिकेट करते, घागऱ्याखाली गुडघे झाकतात पण कोपरं उघडी, तिथं काळा पॅड कसा लावणार? पुरुषांना शर्टाच्या बाहीत सगळं लपवता येतं, बायकांना पडायचं तेवढंच आणि अंगावर कापड निम्मं. शोलेत (१९७५) हेमा मालिनीची डुप्लिकेट रेश्मा पठाण होती, बसंतीचा टांगा पळताना सगळ्यांना आठवतो, ही बाई कितीजणांना माहीत आहे? अंगाच्या रंगाचे कोपराचे पॅड काढा, ताई लगेच दोन जोड्या घेईल.

मशीनमध्ये धुवू नका, फोमचा गोळा होतो. बादलीत हाताने धुवा, सावलीत वाळवा.