सेवानिवृत्तीच्या तारखेआधी पेपरबुक हवं असेल, तर हे दुकान

नागपुरात सिव्हिल लाइन्सला टायपिंग-झेरॉक्सची दुकानं पैशाला पासरी. मी सांगतोय ते निळ्या शटरचं, कडुनिंबाखालचं. पाटी पुसली गेली आहे, पण 'मॅटचे पेपरबुक कुठे करतात' म्हणून विचारलं की चहावालाही दाखवतो. मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सरकारी नोकरांच्या सेवेच्या तक्रारींचं कोर्ट; आणि पेपरबुक म्हणजे प्रकरणाची सगळी कागदपत्रं क्रमाने लावून शिवलेला गठ्ठा.

मी सरकारी वैद्यकीय महाविद्यालयात शरीररचनाशास्त्र शिकवतो. आमच्या काही जणांचं सेवानिवृत्तीच्या वयाचं प्रकरण आहे. न्यायप्रविष्ट असल्याने त्यावर इथे चकार शब्द नाही.

अशा प्रकरणात सगळं घोडं तारखेवर अडतं. महिन्याच्या शेवटच्या दिवशी माणूस घरी जातो. त्याआधी अंतरिम आदेश हाती पडला तर खुर्ची टिकते, नाहीतर पुढे थकबाकीसाठी भांडत बसायचं. त्यात आमच्या पिढीची जन्मतारीख शाळेत गुरुजींनी सर्रास १ जून लिहिलेली, म्हणजे निवृत्ती ३१ मेला! मे महिन्यात या दुकानात पाय ठेवायला जागा नसते. तरी आमचं जाडजूड पेपरबुक संध्याकाळी दिलं ते दुसऱ्या दिवशी कोर्ट उघडायच्या आत सगळ्या प्रतींसह तयार होतं. इंडेक्स बिनचूक, दाभणाने भोकं पाडून दोरा ओवलेला, पानं अशी घट्ट की बेंचसमोर उलटताना एकही सुटलं नाही.

मालक काका वकील नाहीत, पण टाइप करता करता कायदा त्यांच्या बोटांत उतरला आहे. निकालांचा गठ्ठा चाळताना एका निकालावर थांबले. "सर, हा त सरकारच्या बाजूचा दिसते. लावाचा आहे का?"

लावायचाच होता. डॉ. प्रकाशन एम. पी. विरुद्ध केरळ राज्य, सर्वोच्च न्यायालय, ऑगस्ट २०२३. केरळने २०१० मध्ये वैद्यकीय शिक्षण सेवेतल्या डॉक्टरांचं निवृत्तीचं वय ५५ वरून ६० केलं. होमिओपॅथी महाविद्यालयांच्या शिक्षकांना ते मिळालं २०१२ मध्ये. मधे निवृत्त झालेल्यांना मागच्या तारखेपासून लाभ हवा होता. कोर्ट म्हणालं, वय वाढवणं आणि ते कधीपासून, हा सरकारच्या धोरणाचा भाग. सरकारी वकील हा निकाल काढणारच. मग आपणच आधी जोडून आपलं प्रकरण वेगळं कसं ते मांडलेलं बरं.

त्याच्याच मागे २०२१ चा डॉ. राम नरेश शर्मांचा निकाल लावला. दिल्ली महापालिकेच्या आयुर्वेद डॉक्टरांना ॲलोपॅथीवाल्यांप्रमाणेच ६५ वर्षं, त्यांच्यात भेद करणं अन्यायाचं, असा. त्यावर काका म्हणाले, "आयुषचं मॅटर आता मोठ्या बेंचकडे गेलं ना, सर?" आयुष म्हणजे आयुर्वेद, होमिओपॅथी वगैरे; त्यांच्या डॉक्टरांना ॲलोपॅथीवाल्यांइतकंच वय द्यायचं का, हा प्रश्न ऑक्टोबर २०२५ मध्ये खरंच मोठ्या बेंचकडे गेला. टायपिंगवाल्याने हे सांगावं, याला काय म्हणायचं! आमच्या विभागात अर्ध्यांना याचा पत्ता नव्हता.

आता उणं. 'ट्रू कॉपी'चा शिक्का हाणतात तो कधी कधी नेमका पान क्रमांकावरच. जुने जीआर दुसऱ्या फॉन्टमधून घेतले की जोडाक्षरं फुटतात, त्यामुळे एकेक ओळ स्वतः वाचून घ्या, विशेषतः शासन निर्णयाची तारीख. बसायला एकच स्टूल आहे आणि त्यावर बहुधा कोणाचं तरी सेवापुस्तक असतं.

दर आजूबाजूच्यांपेक्षा थोडे जास्त. घासाघीस चालत नाही, पण रात्रीच्या कामाचे वेगळे पैसे लावत नाहीत. पाचपैकी चार तारे. मे महिन्यात जाणार असाल तर मजकूर पेन ड्राइव्हवर घेऊन सकाळीच गाठा.