काळाचा भरवसा नसलेला मुलूख: हळशी, लोंढा की भीमगड?

फासे टाकून गोष्ट खेळणाऱ्या मंडळींची एक फर्माईश ठरलेली असते: नकाशावर एक तरी असा प्रांत हवा, जिथं काळ धड चालत नाही. खेळ मराठीत आणि खेळणारे बेळगाव-खानापूरचे असतील, तर तो प्रांत विलायती नावांच्या धुक्यात कशाला शोधायचा? खानापूर तालुक्यातच तीन जागा आहेत आणि काळ बिघडवायच्या तीन तऱ्हा त्यांना नेमक्या बसतात. नवं कॅम्पेन, म्हणजे बैठकीमागून बैठक चालणारी सलग गोष्ट, मांडणाऱ्यानं त्यातली कुठली घ्यावी, एवढाच प्रश्न. माझा कल भीमगडाकडे आहे, पण ते सगळ्यांना झेपेल असं नाही.

हळशी: ठरलेला दर

आत एक रात्र, बाहेर 12 वर्षं. दर कायम. ही तऱ्हा आपल्याकडे फार जुनी. राजा ककुद्मी लेकीला, रेवतीला, घेऊन स्थळ विचारायला ब्रह्मदेवाकडे गेला, गाणं संपेपर्यंत थांबला आणि तेवढ्यात खाली 27 चतुर्युगं उलटली. मनातली सगळी स्थळं नातवंडां-पतवंडांसकट गेलेली. शेवटी रेवती बलरामाला दिली. एक चतुर्युग 43,20,000 वर्षांचं, म्हणजे गाण्याची किंमत साडेअकरा कोटी वर्षांच्या वर. खेळात एवढं ताणू नका.

हळशी म्हणजे कदंब राजांची जुनी पलाशिका नगरी. भूवराह नरसिंहाचं देऊळ आजही उभं आहे, त्यामुळे वेगळं काही रचावं लागत नाही. शिवाय गोव्याच्या कदंबांच्या शिलालेखांत कलियुगाची वर्षं घातलेली आढळतात. देवळातून बाहेर पडलेल्या पात्रांना एक ताजा कोरलेला शिलालेख दाखवा आणि नुसता कलीचा आकडा द्या. त्यातून 3101 वजा केले की इसवी सन निघतो. हे गणित खेळणाऱ्यांनीच करायचं. आकडा कळल्यावर टेबलावर जी शांतता पसरते, ती कुठल्याही राक्षसाच्या एंट्रीनं पसरत नाही.

खोट एकच, पण मोठी. दुसऱ्या फेरीत दर कळतो आणि तिसऱ्या फेरीपासून धंदा सुरू होतो. कुणीतरी सावकाराकडे मोहरा व्याजानं ठेवतो, देवळात जाऊन झोपतो आणि सकाळी श्रीमंत होऊन बाहेर येतो. ज्याचा हिशेब लागला त्या काळाची भीती उरत नाही.

लोंढा: तीच संध्याकाळ पुन्हा

जंक्शनवर तीच गाडी, तोच पाऊस, तोच हमाल, पुन्हा पुन्हा. एका बैठकीसाठी छान. दुसऱ्या बैठकीला लोक जांभया देतात, कारण चुकलं तरी काही बिघडत नाही.

घेतलीच ही तऱ्हा, तर स्टेशनवर दोन घड्याळं ठेवा. प्रमाणवेळ 1906 साली आली, तरी मुंबई शहरानं स्वतःची वेळ 39 मिनिटं मागे ठेवून ती 1955 पर्यंत चालवली. आपल्या भागातला सूर्यही प्रमाणवेळेच्या सुमारे 32 मिनिटं मागेच असतो. तेव्हा रेल्वेचं घड्याळ फेऱ्यात अडकलेलं आणि सूर्याचं सुटलेलं, अशी मांडणी करता येते. सुटकेची वाट त्या अर्ध्या तासात लपवायची. यापलीकडे लोंढ्यात मला दम दिसत नाही.

भीमगड: लहरी

इथं दर नाही आणि फेराही नाही. आत किती वेळ गेला यावरून बाहेर किती गेला ते कळतच नाही. कळसा-भांडुरा नाल्यांच्या बाजूचं हे रान, बारापेडेच्या गुहा, त्यांतली दुर्मिळ वटवाघळं, पावसाळ्यात जगापासून तुटणारं आमगाव. जिथं पाऊस खरोखरच माणसाला अडकवून ठेवतो, तिथं काळानं अडकवलं तर कुणाला नवल वाटणार नाही. (शास्त्राचा आधार मागणारा एक गडी प्रत्येक टेबलावर असतोच. त्याला सांगा, अडीच हजार फुटांवरच्या बेळगावातलं घड्याळ किनाऱ्यावरच्या घड्याळापेक्षा दिवसाला सुमारे 7 नॅनोसेकंद पुढं पळतं. तेवढ्यावर तो गप्प बसतो.)

फाशांची रीत सोपी ठेवा. लाल फासा परिमाण सांगेल: 1-2 पडले तर तास, 3-4 दिवस, 5 महिने, 6 वर्षं. पांढरा फासा आकडा सांगेल. मात्र यात एक खाच आहे. सहा वेळा रानात शिरलं, तर निदान एकदा वर्षांचा फटका बसण्याची शक्यता सुमारे 67 टक्के होते. म्हणजे बहुतेक कॅम्पेनमध्ये घरदार, शत्रू, उधारी सगळं एकदा तरी वाहून जाणार. हे जड वाटत असेल, तर लालवर 6 पडल्यावर तो पुन्हा टाका आणि दुसऱ्यांदाही 6 आला तरच वर्षं धरा, नाहीतर महिने. मग तीच शक्यता 16 टक्क्यांच्या आसपास येते. नवख्यांसाठी ही दुसरी रीतच बरी.

फासे पडद्याआड टाकायचे आणि आकडा बोलून दाखवायचा नाही. खेळणाऱ्यांनी तो बाहेरच्या खुणांवरून काढायचा, आणि त्या खुणा कधीच खोटं बोलणार नाहीत हा करार पहिल्याच दिवशी करायचा. हा करार नसेल तर लहरी काळ म्हणजे नुसता गेम मास्टरचा, म्हणजे गोष्ट चालवणाऱ्याचा, लहरीपणा होतो आणि लोक चिडतात.

खुणा तीन पुरतात. तिथीसाठी चंद्र. महिन्यासाठी भातशेती: रोप लावणी चालू आहे, पोटरीला आलंय, की मळणी उरकून नुसती धसकटं राहिलीत. आणि वर्षांसाठी लक्ष्मीची यात्रा. आपल्या गावागावांत ती कित्येक वर्षांच्या अंतरानं भरते, सगळं गाव तिच्या हिशेबानं घरं रंगवतं, लेकी-जावयांना बोलावतं. पात्रं रानात शिरताना गावात मंडपाची बोलणी चाललेली असू देत. बाहेर आल्यावर वेशीवर एखादी म्हातारी भेटू दे: "कुठं गेलतासा रे पोरांनो? यात्राबी होऊन गेली की!" पुढचं बोलणं खेळणाऱ्यांवर सोडा.

वही मात्र ठेवावीच लागते. प्रत्येक फेरीनंतर बाहेरची तारीख, कोण म्हातारं झालं, कुणाचं लग्न झालं, कुणाची बाकी राहिली. हे लिहायचा कंटाळा असेल तर भीमगडच्या वाटेला जाऊ नका, सरळ हळशी घ्या आणि सावकाराला व्याज बंद करायला सांगा. दोन-तीन बैठकांचाच खेळ असेल तरीही हळशी. एकाच संध्याकाळी संपवायचं असेल तर लोंढा चालेल. वर्षभर खेळणारी, गावातली माणसं नावानं लक्षात ठेवणारी टोळी हाताशी असेल, तर भीमगड घ्या आणि शक्यतो आषाढात सुरू करा. पुरानं वाटा बंद झाल्या की परतीचा प्रश्नच पहिले चार-दोन डाव निघत नाही आणि तेवढ्यात तुमची वही बसते.